नाबोथानं मळा विकला का नाही? (आदिवासी नजरेतून बायबल वाचन)

वावरवाली (कळवा)

नमस्कार मंडळी. मी मूळची तलासरीकडची, वारली, कॅथलिक. कळव्यात राहते, एका खासगी रुग्णालयात नर्स आहे. आमच्या लहान ख्रिस्ती समूहाचं बायबल वाचन महिन्यातून एकदा कुणाच्या तरी घरी असतं आणि यंदा ते चालवायचं माझ्या गळ्यात पडलंय. गट म्हणाल तर ठाण्यात असतो तसाच सरमिसळ. खारीगावच्या ईस्ट इंडियन (म्हणजे इथल्याच मूळच्या कॅथलिक) आंटी, मंगळूरकडची दोन कुटुंबं, एक तमिळ जोडपं, ऐरोलीत डिलिव्हरीचं काम करणारा जव्हारकडचा कोकणा मुलगा, आणि घोडबंदर रोडला एका बिल्डरकडे जमीन खरेदीचं बघणारे एक गृहस्थ.

गेल्या वेळी १ राजे २१ वाचलं. अहाब राजाला नाबोथाचा द्राक्षमळा हवा असतो, नाबोथ वाडवडिलांचं आहे म्हणून नाही म्हणतो, ईजबेल राणी त्याच्यावर खोटा आळ घेऊन त्याला मारून टाकते. वाचून झाल्यावर आमचे जमीनवाले म्हणाले, "पण ऑफर तर चांगलीच होती की! याहून चांगला मळा देतो, नाहीतर रोख घे. याच्यात जबरदस्ती कुठे आहे? नाबोथच अडून बसला." सगळे हसले आणि खरं सांगायचं तर अर्ध्या जणांना ते पटलं. माझ्याकडे त्यांना पटेल असं उत्तर नव्हतं.

मग वाचनासाठी मिळालेल्या पुस्तिकेतला प्रश्न आला: माझ्या मनात कुणाच्या वस्तूचा लोभ आहे? त्यावर मात्र सगळे भरभरून बोलले. शेजाऱ्याची गाडी, जावेच्या बांगड्या. चहा येईपर्यंत नाबोथ मेलाय हे कुणाच्या लक्षातही राहिलं नव्हतं. जव्हारचा मुलगा पूर्ण वेळ गप्प होता.

त्या गृहस्थांना काय उत्तर द्यायचं? आणि रांचीकडे, जोरहाटला आदिवासी ईशज्ञान (थिऑलॉजी) म्हणून काही शिकवतात असं ऐकलंय, ते लोक अशा अध्यायाचं काय करतात? कारण आमच्यापर्यंत 'आदिवासी दृष्टिकोन' पोचतो तो एवढाच: अर्पणाच्या वेळी तारपा आणि वेदीच्या मागे वारली चित्राचा फ्लेक्स. फ्लेक्सवर चौक, म्हणजे आमचं लग्नाचं चित्र, छापला होता, मधली पालघट देवी गाळून. लग्नाचा चौक सुवासिनी काढतात, लग्न लावणारी धवलेरी गाते, तेव्हा तो चौक. असो, तो वेगळा विषय, पण मला राग आला होता हे नोंदवून ठेवते.

सरळ_वचन (डोंबिवली)

ताई, वचन सर्वांसाठी एकच आहे. उद्या वारली बायबल, आगरी बायबल, बिल्डर बायबल असं करायचं का? अहाबाचं पाप लोभ होतं, दहावी आज्ञा. पुस्तिका बरोबरच विचारते. जमिनीचं राजकारण त्यात कशाला घालायचं?

मास्तर_घणसोली

सरळ वचन, जमीन त्या अध्यायात आम्ही घातलेली नाही हो. पहिल्याच वचनात आहे, शेवटपर्यंत आहे. ती काढायचीच असेल तर तुम्ही काढा.

आता पोरी, तुझ्या प्रश्नाकडे. मीही तुझ्याच पट्ट्यातला. आश्रमशाळेत मास्तर होतो, आता मुलाकडे घणसोलीत असतो. रिकामा वेळ आहे, म्हणून सविस्तर लिहितो.

तुझ्या जमीनवाल्यांना आधी दुसरं वचन परत वाचायला सांग. राजाला मळा कशाला हवा होता? भाजी लावायला. राजवाड्याला लागून आहे म्हणून. द्राक्षाचा वेल धरायला वर्षं जातात, आज्यानं लावलेला नातू खातो. तो उपटून तिथं पालेभाजी. डहाणू-तलासरीकडे शनिवार-रविवारचे बंगले झालेत, त्यांच्या मालकांनाही हीच हौस असते.

मग किमतीचं. लेवीय २५:२३ काढ. जमीन कायमची विकायची नाही, ती देवाची आहे, तुम्ही तिच्यावर उपरे म्हणून राहता, असं तिथं सरळ सांगितलंय. म्हणजे त्या जमिनीला बाजारच नव्हता. बाजार नाही तिथं चांगला भाव कसला आणि वाईट कसला? आपल्याकडे महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम ३६ आणि ३६अ आहे. आदिवासीची जमीन बिगर आदिवासीला परवानगीशिवाय जाऊ शकत नाही. १९७४ साली तर गेलेल्या जमिनी परत देण्याचाही कायदा झाला. तुझ्या गृहस्थांना ही कलमं तोंडपाठ असणार. कुलमुखत्यारपत्र कशासाठी करतात ते त्यांना हसत हसत विचार. नाबोथ अडून बसला नव्हता, तो कायद्यात होता. राजालाही ते माहीत होतं, म्हणून तर तो तोंड फिरवून बिछान्यावर पडला आणि जेवला नाही.

पण आपल्या माणसानं हा अध्याय वाचताना थांबायची जागा मला तरी आठव्या वचनापासून पुढे वाटते. प्रवचनात तिथून धावत सुटतात आणि एकदम एलीया संदेष्ट्याच्या डरकाळीवर येतात. तू धावू नको. ईजबेल काय करते बघ. अहाबाच्या नावानं पत्रं लिहिते. त्याची मोहर लावते. गावच्या वडिलांकडे आणि प्रतिष्ठितांकडे पाठवते. उपास जाहीर करा, नाबोथाला लोकांपुढे मानानं बसवा, दोन साक्षीदार उभे करा. आरोप काय, तर देवाला आणि राजाला शिव्या दिल्या. मग गावाबाहेर नेऊन दगडांनी मारलं. यात एकही शिपाई नाही, तलवार नाही. पत्र आहे, शिक्का आहे, सभा आहे, दोन साक्षी आहेत, वर धार्मिक उपासही आहे. सगळं रीतसर. शहरातल्या माणसाला ही लोभाची गोष्ट वाटते, मला ती कागदाची गोष्ट वाटते.

१९४५ चं सांगतो. मे महिन्यात झरीला किसान सभेची सभा झाली, वेठ करायची नाही असं वारल्यांनी ठरवलं. लग्नगडी पद्धतही मोडायची होती, म्हणजे लग्नाला सावकाराकडून पैसे घेतले की नवरा-बायको दोघं त्याच्याकडे गडी म्हणून राबायची ती पद्धत. ऑक्टोबरात तलवाड्याला गोळीबार झाला, जेठ्या गांगड आणि आणखी माणसं मेली. ती माणसं तिथं जमली कशी, हे किसान सभेच्या गोदावरी परुळेकरांनी लिहून ठेवलंय. बाई येणार आहेत, सभा आहे, असा निरोप पाड्यापाड्यांत फिरवला गेला. बाईंनी तो धाडलाच नव्हता. जमीनदारांनीच तो पसरवला आणि तिकडे सरकारला कळवलं की वारली दंगलीला जमलेत. दुसऱ्याच्या नावानं खोटा निरोप, मग खोटा आरोप, मग रीतसर मरण. नाबोथाचं गाव इज्रेल आणि आपला तलवाडा.

अजून एक, आणि हे जरा कडू आहे. ईजबेलीला सगळे शिव्या घालतात. पण पत्र ज्यांना मिळालं ते वडीलधारे नाबोथाच्याच गावचे होते. रोज त्याच्याबरोबर उठणारे-बसणारे. अकराव्या वचनात त्यांनी पत्रात लिहिलं होतं तसंच केलं. एकानंही विचारलं नाही. जमिनीची जी प्रकरणं मी जवळून पाहिली, त्यांतही पंच म्हणून सही कुणाची? आपल्यातल्याच कुणाची तरी. तुझा जव्हारचा मुलगा गप्प होता म्हणतेस, त्याला हे वचन वाचायला दे.

आणि २ राजे ९:२६ बघ. नाबोथाबरोबर त्याची मुलंही मारली होती हे तिथं कळतं. वारसनोंदीचा प्रश्नच मिटला.

एका गोष्टीवर माझं देवाशी भांडण आहे ते आहेच. शेवटी अहाब गोणपाट नेसतो, उपास करतो, देव त्याची शिक्षा मुलाच्या काळावर ढकलतो. पुस्तिकेत इथं पश्चात्तापाचा धडा असतो. मळा परत दिल्याचा एक शब्द नाही.

करावे_गाववाला (नेरूळ)

मी ख्रिस्ती नाही, आगरी आहे. पण वर 'चांगली ऑफर' वाचलं आणि राहवलं नाही. आमची ९५ गावं १९७० पासून नवी मुंबई शहरासाठी संपादन झाली. मोबदला मिळाला, नंतर भांडून गेलेल्या जमिनीच्या साडेबारा टक्क्यांचे प्लॉट मिळाले, त्यासाठी १९८४ ला जासईला गोळ्या खाल्ल्या. पैसे शेताचे मिळतात. गाव वाढतं, पोरांची लग्नं होतात, घरं वाढवावी लागतात, आणि ती घरं कागदोपत्री अनधिकृत ठरतात. ज्यांच्या शेतात शहर उभं राहिलं तेच बेकायदा. तुमच्या त्या साहेबांना सांगा, दुसरा मळा मिळेल, पण त्या मळ्याच्या बांधावर आपलं कोण असेल? कथा भारी आहे, पूर्ण वाचतो.

रांचीहून_परत (वर्तकनगर)

मास्तरांनी इतकं लिहिल्यावर मी फक्त रांचीचं सांगतो. मी अहिल्यानगरकडचा, चर्च ऑफ नॉर्थ इंडियाचा, पण काही वर्षं रांचीत शिकलो.

तिथल्या आदिवासी ईशज्ञानाची मुळं वर्गात नाहीत, कोर्टकचेरीत आहेत. गॉस्नर मिशनचे जर्मन मिशनरी १८४५ ला रांचीत आले, १८५० ला पहिल्या चार उरांवांचा बाप्तिस्मा झाला. पुढे लोक लोंढ्यानं आले त्यामागे जमीनदारांशी चाललेले खटले हे मोठं कारण होतं. १८८५ ला आलेले बेल्जियन जेझुइट कॉन्स्टंट लीव्हन्स तर लोकांच्या जमिनीच्या खटल्यांत सल्ला देत. यावरून 'जमिनीसाठी ख्रिस्ती झाले' असं हिणवतात. मला त्यात हिणवण्यासारखं काही दिसत नाही. आंधळा दृष्टीसाठी आला, कोढी बरं होण्यासाठी आला, मुंडा शेतासाठी आला. उलट बाजूही आहे. बिरसा मुंडा चाईबासाच्या जर्मन मिशन शाळेत शिकला आणि मिशनवर चिडूनच बाहेर पडला, कारण जमिनीच्या प्रश्नात मिशन आपल्या बाजूनं पुरेसं उभं नाही असं जमिनीसाठी लढणाऱ्या मुंडा सरदारांना वाटू लागलं होतं. १९०० साली तो रांचीच्या तुरुंगात वारला. त्याच्या उलगुलानानंतर, म्हणजे बंडानंतर, १९०८ चा छोटानागपूर काश्तकारी कायदा आला. त्याच्या घडणीत हॉफमन या जेझुइटाचा हात होता.

या मातीतून निर्मल मिंज आले. स्वतः उरांव, लुथरन बिशप, १९७१ ला रांचीत गॉस्नर कॉलेज सुरू करणारे, कुडुख भाषेसाठी आयुष्यभर झटणारे. ईशान्येकडे जोरहाटच्या ईस्टर्न थिऑलॉजिकल कॉलेजात रेंथी कैत्झर, पुढे वाती लाँगचार. लाँगचारांचं म्हणणं थोडक्यात असं, की पाश्चात्त्य ईशज्ञान इतिहासापासून सुरू होतं, देवानं केव्हा काय केलं इथून. आदिवासी माणूस जमिनीपासून सुरू करतो. देव, पूर्वज, माणूस, जंगल हे सगळं तिथं एकत्र राहतं. जमीन गेली की नुसतं उत्पन्न जात नाही, हे सगळं नातंच तुटतं. म्हणजे नाबोथ 'वाडवडिलांचं आहे' म्हणतो तेव्हा तो भावनिक होत नाहीये, ईशज्ञानच सांगतोय.

पण ताई, तिथलं उचलून इथं जसंच्या तसं चिकटवू नका. नागालँड-मिझोराममध्ये ख्रिस्ती बहुसंख्य आहेत. इथं एका पाड्यात एखाददुसरं घर. बाकीचा पाडा हिरवा देवाला, वाघदेवाला मानतो, कणसरी या धान्यदेवीचं गाणं गातो. इथलं आदिवासी वाचन शेजाऱ्याला वगळून होणार असेल तर ते आदिवासी राहणार नाही.

पुढच्या वाचनासाठी कनान घ्या, म्हणजे देवानं इस्राएलांना देऊ केलेला देश. ओसेज जमातीचे अमेरिकन अभ्यासक रॉबर्ट वॉरियर यांनी १९८९ मध्ये अडचणीत टाकणारा मुद्दा मांडला. गुलामांना सोडवणारा देव म्हणून निर्गमाची गोष्ट सगळ्यांना प्रिय, पण ती गोष्ट कनानात संपते आणि तिथं आधीपासून माणसं राहत होती. मूळ रहिवासी वाचतो तेव्हा तो कनानी माणसाच्या अंगणात उभा असतो. कनानातल्या यरीहो शहराच्या पाडावाचं गाणं टाळ्या वाजवत म्हणताना हे कुणाला सुचत नाही. यहोशवा ९ वाचा. गिबोनच्या लोकांनी युक्तीनं जीव वाचवला, पण त्यांच्या नशिबी काय आलं? लाकडं तोडणं आणि पाणी भरणं. जंगल खात्याच्या कुपावर (झाडतोडीवर) राबलेल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही.

आणि मास्तर, तुमच्या भांडणाला एक तोड सुचवतो. २ राजे ८, पहिली सहा वचनं. शूनेमची बाई दुष्काळात सात वर्षं परमुलखात जाते. परत येते तर घर-शेत दुसऱ्याकडे. ती थेट राजाकडे गाऱ्हाणं नेते. राजा अधिकारी नेमतो, म्हणतो हिचं सगळं परत द्या, आणि ती गेली त्या दिवसापासून आजवरचं शेताचं उत्पन्नही द्या. वीटभट्टीवर सहा-आठ महिने जाऊन आलेल्या कातकऱ्याला वाचून दाखवा हा उतारा.

अभिमान_मराठी

धर्म बदलला की आदिवासी कसले? सवलती हव्यात म्हणून हे सगळं.

मास्तर_घणसोली

अनुसूचित जमातींच्या १९५० च्या आदेशात धर्माची अट नाही. अनुसूचित जातींच्या आदेशात आहे, तुमचा तिथं गोंधळ होतोय. १९६० च्या दशकापासून ती अट घालायची मागणी होते आहे, कायदा झालेला नाही. बाकी माझा आजा वारली, मी वारली. विषय नाबोथाचा चाललाय.

आणि रांचीवाले, शूनेमच्या बाईला बोलायला अलीशा संदेष्ट्याचा चाकर गेहजी होता राजापाशी. नेमका तो अलीशाच्या गोष्टी सांगत बसला होता म्हणून तिचं काम झालं. नाबोथाच्या बायकोला कोण होतं? तरी उतारा चांगला आहे, मान्य.

शहापूरची_ठाकरीण

मास्तर, नाबोथाची बायको अध्यायात कुठेच नाही, हे बरं काढलंत. सगळे जमीन वाडवडिलांची म्हणतात, वाडआयांची कुणी म्हणत नाही.

वावरवाली, गणना २७ पण घे. सलाफहादाच्या पाच मुली, भाऊ नाही, बापाच्या जमिनीवर हक्क मागायला सगळ्या मंडळीसमोर मोशेपुढे उभ्या राहतात. देव म्हणतो, मुलींचं बरोबर आहे. पण तिथंच थांबू नको, गणना ३६ लगेच वाच. भाऊबंद येतात आणि म्हणतात, या बाहेर लग्न करतील, मग जमीन दुसऱ्या वंशात जाईल. मग अट पडते, आपल्याच वंशात लग्न करा. आमच्या घरी वाटणीच्या वेळी चुलत्यांनी अगदी हेच सांगितलं होतं, बायबल न वाचता. हिंदू वारसा कायद्यातून अनुसूचित जमाती बाहेर आहेत, त्यामुळे आम्हाला रूढी दाखवतात. जुलै २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं एका प्रकरणात आदिवासी बाईच्या वारसांना समान वाटा दिला. बाहेरच्यापासून जमीन वाचवायची हे मला पटतं, पण ती वाचवायची किंमत दर वेळी मुलीनंच का भरायची?

सरळ_वचन (डोंबिवली)

गणना ३६ मी कधी २७ ला जोडून वाचलं नव्हतं. बाकी मतभेद आहेतच. पण पुस्तिकेतला प्रश्न अपुरा आहे, हे मान्य करतो.

वावरवाली (कळवा)

सगळ्यांचे आभार. काल वाचन झालं, आंटींच्या घरी. पुस्तिका बाजूला ठेवली. मास्तरांनी सांगितल्याप्रमाणे आठ ते तेरा वचनं जव्हारच्या मुलाला वाचायला दिली. तो अडखळत वाचतो, त्यामुळे सगळ्यांना हळू ऐकावं लागलं, ते बरंच झालं. वाचून झाल्यावर तो म्हणाला, गावच्या वडिलांना पत्राबरोबर काय मिळालं असेल? त्यावर बराच वेळ बोलणं झालं. आंटींनी सांगितलं की त्यांच्या सासऱ्यांची भातखाचरं कशी गेली, आणि सही करायला भावकीतलाच कोण घेऊन आला होता. इतकी वर्षं शेजारी राहून मला हे माहीत नव्हतं.

जमीनवाले गृहस्थ आले होते. लेवीयाचं ऐकून म्हणाले, ठीक, विकायची नव्हती हे कळलं. पण शूनेमच्या बाईचा उतारा वाचल्यावर पुन्हा सरसावले: "तिच्याकडे सातबारा होता का? नुसतं तोंडी सांगून राजानं जमीन कशी दिली?" मी वचन परत वाचलं. राजा तिलाच विचारतो, ती सांगते, आणि गेहजी ओळख पटवतो, हीच ती बाई. कागद नाहीच. ते म्हणाले, असं हल्ली चालत नाही. मी म्हटलं, चालतं. वनहक्क कायदा २००६ चा, त्याच्या नियमांत दाव्यासाठी जे पुरावे चालतात त्यांत गावातल्या वडीलधाऱ्यांनी सांगितलेली, लिहून घेतलेली माहितीही धरतात. माझ्या काकांच्या दाव्याला शेजारच्या पाड्यातल्या म्हाताऱ्यानं असंच सांगितलं होतं. कुठल्या मोहाच्या झाडापर्यंत काकांचा बाप नांगरायचा ते. गृहस्थांनी मोबाइलवर नियम शोधून बघितला आणि मला स्क्रीन दाखवली. नियम १३ होता.

ठाकरीण ताई, पुढच्या वाचनाला गणना २७ आणि ३६ एकत्र घेतेय. तमिळ वहिनींनी आताच सांगून ठेवलंय की त्यांना बोलायचं आहे. तुम्ही शहापूरहून येऊ शकाल का? कळवा स्टेशनहून रिक्षा लागते, मी घ्यायला येईन.